दुरुस्तीची चिठ्ठी

आमच्या बाबांनी आयुष्यात एकही गोळी झाडली नाही. पायदळाच्या एका डिव्हिजनमध्ये सव्वीस वर्षं काढली, एक युद्ध पाहिलं, पण त्यांच्या हातात कायम टाइपरायटर. ते डिव्हिजनच्या मुख्यालयात कारकून होते, हुद्दा हवालदाराचा. शर्टाच्या कॉलरच्या आतल्या बाजूला ते तीन टाचण्या खोचून ठेवत, म्हणून फौजेत त्यांचं नाव 'टाचणी' पडलं आणि त्यांच्या मागोमाग ते आमच्या गल्लीतही आलं. कपडे धुताना आईच्या बोटाला त्या टाचण्या दर आठवड्याला टोचायच्या. "लोकांचे नवरे लढाईवरून पदकं आणतात, माझ्याने शिवणकामाचं सामान आणलं," असं ती म्हणायची. बाबा हसायचे नाहीत. आम्हाला वाटायचं, त्यांना विनोद कळत नाही.

निवृत्त झाल्यावर त्यांनी घराचीच डिव्हिजन केली. आई रसदखातं, धाकटा भाऊ सिग्नल, कारण तो सगळ्यांच्या बातम्या सगळ्यांना पोचवायचा, आणि मी तोफखाना. माझं तोंड लहानपणापासून असंच आहे. जेवताना ते भांडी मांडून आम्हाला डिव्हिजन शिकवत. तीन ताटं म्हणजे तीन ब्रिगेड. प्रत्येक ताटात तीन वाट्या, त्या पलटणी. मिठाची बरणी तोफखाना, पाण्याचा तांब्या इंजिनिअरांच्या कंपन्या, चमचे सिग्नलवाले, आणि हात पुसायचं फडकं म्हणजे इस्पितळ. "सतरा हजार माणसं," ते म्हणत, "आणि एक चमचा जरी यादीत राहिला, तरी त्याला जेवण नाही, टपाल नाही, हुकूम नाही. यादीत नाही तो जगात नाही." आम्ही मान डोलवायचो आणि जेवण थंड व्हायचं.

डिव्हिजनचा इतिहास त्यांना तोंडपाठ होता. ती उभी राहिली तेव्हा इकडून तिकडून गोळा केलेल्या नऊ पलटणी होत्या, त्यातल्या निम्म्यांना उरलेल्यांची बोली कळत नव्हती. पहिल्याच लढाईला ती दोन दिवस उशिरा पोचली. शेजारच्या डिव्हिजनने तिला कासव म्हणून चिडवलं, तेव्हा पहिल्या जनरलने रागाच्या भरात हुकूम काढला की आजपासून प्रत्येकाच्या खांद्यावर कासवच लागेल. ते लागलं ते कायमचं. पुढे कासवाने बरंच नाव काढलं. पण त्यातही एका गोष्टीचा तोरा मोठा होता. डोंगरातल्या त्या हिवाळी लढाईत, सगळी फळी कोसळत असताना, कासव डिव्हिजन पूल ओलांडून माघारी आली आणि तिची एकही तुकडी मागे राहिली नाही. हे वाक्य छावणीच्या फाटकावर कोरलं होतं. त्या माघारीच्या हुकुमाची यादी बाबांनी टाइप केली होती. त्याबद्दल जनरलच्या सहीचं एक प्रशस्तिपत्र त्यांना मिळालं. आईने ते चौकटीत घालून बैठकीच्या खोलीत लावलं. बाबांनी ते दोनदा काढून कपाटावर ठेवलं, आईने दोनदा परत लावलं.

आता त्या शिवणाऱ्या बाईंबद्दल सांगते. हे सांगायची मला लाज वाटते, पण टाळलं तर बाकीचं सांगण्यात अर्थ नाही.

त्या आमच्याकडे तीनदा आल्या. पहिल्यांदा आल्या तेव्हा मी कॉलेजात होते. बाजाराच्या मागच्या रस्त्यावर त्यांचं कपडे शिवायचं छोटं दुकान होतं. त्यांचा मोठा भाऊ फौजेत ओझी वाहायचा. सैनिक नव्हे, हमाल. कागदावर त्याला वाहक तुकडी म्हणत. एकेचाळीस माणसं, डोंगरावर गाडी जात नाही तिथे पाठीवरून दारूगोळ्याच्या पेट्या नेणारी. ती तुकडी शेजारच्या डिव्हिजनची. लढाईत तिचं काय झालं, कुणालाच ठाऊक नव्हतं. दोन वर्षांनी नऊजण शत्रूच्या कैदेतून सुटून आले. ते म्हणाले, शेवटचे तीन दिवस आम्ही कासववाल्यांकडे होतो. बाईंकडे भावाचं शेवटचं पत्रही होतं. 'आता आम्ही यांच्यात आहोत,' एवढं लिहून त्याने कोपऱ्यात एक कासव काढलं होतं, पाय जरा जास्तच लांब.

शेजारच्या डिव्हिजनचं म्हणणं, आम्ही ती तुकडी मंगळवारी दुपारी तुमच्याकडे दिली. आमच्या डिव्हिजनचं म्हणणं, आमच्या यादीत अशी तुकडीच नाही. म्हणजे एकेचाळीस माणसं एका दारातून बाहेर पडली आणि दुसऱ्या दारातून आत आलीच नाहीत. दोन्ही डिव्हिजनच्या स्मृतिस्तंभांवर त्यांच्यातल्या न परतलेल्या बत्तीस जणांची नावं नव्हती. बाईंचं मागणं एवढंच होतं की भावाचं नाव कुठल्यातरी एका दगडावर असावं. कुणीतरी त्यांना सांगितलं होतं की कासवांच्या याद्या टाचणीला पाठ आहेत.

बाबांनी त्यांना खुर्ची दिली, चहा दिला, पत्र दोन्ही हातांनी धरून वाचलं आणि म्हणाले, "बाई, आमच्याकडे नोंद नाही." दुसऱ्या खेपेलाही तेच. तिसऱ्या खेपेला बाबा घरात असून मला म्हणाले, "सांग, नाहीत म्हणून." मला त्या दिवशी छापखान्यात जायची घाई होती. मी तिथे मुद्रितं तपासते, म्हणजे दुसऱ्यांच्या चुका शोधण्याचं काम करते. मी दार अर्धंच उघडलं. बाईंनी पिशवीतून पत्र काढायला घेतलं, तशी मी म्हणाले, "अहो, किती वेळा येणार? सैनिकांच्या याद्या असतात. हमालांची कुठे यादी असते का?"

बाईंनी पत्र परत पिशवीत ठेवलं, पिशवीचं तोंड नीट बंद केलं आणि जिना उतरून गेल्या. मी छापखान्यात गेले आणि दिवसभर ऱ्हस्वदीर्घ सुधारत बसले.

याला अकरा वर्षं झाली. गेल्या वर्षी डिव्हिजनच्या वाटचालीचा एक मोठा टप्पा पुरा होणार होता आणि तिचा इतिहास पुस्तकरूपाने काढायचं ठरलं. ते काम एका निवृत्त कर्नलसाहेबांकडे आलं. छपाई आमच्या छापखान्यात, आणि 'रचना' हे प्रकरण तपासायला अर्थातच टाचणी. कर्नलसाहेब स्वतः मुद्रितं घेऊन घरी आले. उंच, ताठ, कानाला ऐकण्याचं यंत्र. युद्धात ते इंजिनिअरांचे तरुण लेफ्टनंट होते आणि तो पूल त्यांनीच उडवला होता. बाबांच्या पाठीवर थाप मारून म्हणाले, "टाचणी, तुझ्या यादीवर एकेक खूण करत गेलो रे. शेवटची पलटण आली, शेवटची खूण केली आणि बटण दाबलं. समारंभाला पुढच्या रांगेत बसायचंय तुला."

बाबा आठ दिवस ती मुद्रितं घेऊन बसले. एरवी त्यांनी ते काम एका सकाळी केलं असतं. ब्रिगेड, पलटणी, तोफा, खेचरं, टपालखातं, सगळं बिनचूक होतं. नवव्या दिवशी त्यांचा मुक्काम हलेना म्हणून मी कागद ओढले. सगळ्या पानांवर त्यांची बारीक सही होती. एकाच पानावर नव्हती, ज्यावर 'एकही तुकडी मागे राहिली नाही' हे वाक्य होतं.

"इथे राहिली सही," मी म्हणाले.

"राहिली नाही. ठेवली," बाबा म्हणाले.

मग ते उठले, कपाटावरचा पत्र्याचा डबा काढला आणि त्यातून एक चिठ्ठी माझ्यापुढे ठेवली. बोटभर रुंदीचा पिवळा कागद. 'मंगळवार दुपारी बारापासून वाहक तुकडी, एकेचाळीस माणसं, कासव डिव्हिजनच्या हुकुमाखाली.' खाली शिक्का, आणि तुकडी मिळाल्याची बाबांची सही.

मी म्हटलं, "म्हणजे नोंद होती?"

बाबा भिंतीकडे बघत बोलू लागले. मुख्यालयात एक मूळ यादी असायची. कुठलीही नवी तुकडी हाताखाली आली की तिची दुरुस्तीची चिठ्ठी मूळ यादीच्या कडेला खळीने चिकटवायची. टाचायची नाही, चिकटवायची, असा नियमच होता. पुढचा प्रत्येक हुकूम कुणाकुणाला धाडायचा हे त्या यादीवरून ठरायचं. त्या मंगळवारी तंबूत इतकी थंडी होती की डब्यातली खळ गोठून दगड झाली होती. बाबांनी चिठ्ठी तात्पुरती टाचणीने लावली. शुक्रवारी दुपारी माघारीचा हुकूम आला. तासाभरात अकरा पानं टाइप करायची होती. त्यांनी मूळ यादी समोर धरली, एकेक नाव उतरवलं आणि प्रती रवाना केल्या. संध्याकाळी आवराआवर करताना चिठ्ठी टेबलाखाली सापडली.

"गळून पडली होती," बाबा म्हणाले.

तुकडीला हुकूम गेलाच नाही. ज्या पलटणीसाठी ती पेट्या वाहत होती ती केव्हाच निघून गेली, आणि हे लोक रिकाम्या डोंगरावर पेट्या नेत राहिले. पुलापाशी तीच यादी, तिच्यावर खुणा, आणि शेवटची खूण झाल्यावर पूल गेला.

"संध्याकाळी सापडली म्हणता. पूल तर दुसऱ्या दिवशी सकाळी उडाला. मग सांगितलं का नाही तुम्ही?"

या प्रश्नावर बाबांनी जे उत्तर दिलं ते मी आयुष्यभर विसरणार नाही. ते म्हणाले, "मला वाटलं, कुणीतरी तोंडी सांगितलं असेल." आणि जरा थांबून, "आणि जनरल नुकतेच म्हणाले होते, शाब्बास पोरा."

मला त्यांची चीड आली, किळस म्हटलं तरी चालेल. इतकी वर्षं हा माणूस आम्हाला वाट्या मांडून शिकवत होता की यादीत नाही तो जगात नाही. समोर बसलेल्या बाईला चहा पाजून खोटं बोलत होता. आणि मग आठवलं, दारातून तिला मी हाकललं होतं, तेही फुकटात, कसलीही चूक लपवायची नसताना. बाप निदान घाबरून खोटं बोलला. मी नुसत्या गुर्मीत बोलले. माझा आवाज आपोआप खाली आला.

पुस्तक तोवर निम्मं छापून झालं होतं. कर्नलसाहेबांना मी बोलावून घेतलं. बाबांनी उभं राहून सगळं सांगितलं, बसायला सांगितलं तरी बसले नाहीत. मला वाटलं, साहेब आता भडकणार. ते भडकले नाहीत. त्यांनी चिठ्ठी हातात घेतली आणि शिक्क्यापर्यंत वाचली.

"धुकं होतं," ते म्हणाले. "पलीकडून हाका येत होत्या. माझा सुभेदार म्हणाला, साहेब, आपली माणसं वाटतात. मी यादी काढून बघितली. सगळ्या खुणा झालेल्या. मी म्हटलं, आपलं कुणी राहिलेलं नाही, हा शत्रूचा डाव आहे." त्यांनी कानातलं यंत्र काढून खिशात ठेवलं. "माझे कान त्या स्फोटाने गेले असं मी सगळ्यांना सांगतो. त्या हाका मात्र मला अजून नीट ऐकू येतात."



वाक्य बदलायला तो सोळा पानांचा अख्खा फर्मा पुन्हा छापायला हवा होता आणि समारंभ दहा दिवसांवर. शेवटी ठरलं की प्रत्येक प्रतीत शुद्धिपत्राची चिठ्ठी चिकटवायची. मजकूर साहेबांनी सांगितला, बाबांनी लिहिला, मी तपासला: 'एकेचाळीस जणांची वाहक तुकडी या काळात कासव डिव्हिजनमध्ये होती. दुरुस्तीची चिठ्ठी गळून पडल्याने तिला माघारीचा हुकूम पोचला नाही. ती मागे राहिली.' पहिल्या मसुद्यात बाबांनी 'गळून पडल्यामुळे असे वाटते की' असं काहीतरी गुळमुळीत लिहिलं होतं. मीच ते छाटून वाक्य सुटसुटीत केलं. साहेब म्हणाले, "गळणारच. वाऱ्यात काय टिकतंय." स्तंभावर नावं कोरण्याचं पत्रही त्यांनी त्याच दिवशी धाडलं.

सहाशे प्रती आमच्या घरी आल्या. बाबांनी स्वतः खळ शिजवली आणि चार दिवस जेवणाच्या टेबलावर बसून एकेक चिठ्ठी चिकटवली. मला हात लावू दिला नाही. आईने प्रशस्तिपत्र आपणहून उतरवलं आणि भिंतीवरचा चौकोनी डाग ओल्या फडक्याने पुसत बसली. तो काही गेला नाही.

पाचव्या दिवशी सकाळी बाबा म्हणाले, "पहिली प्रत त्यांना द्यायची. चल."

शिवणाऱ्या बाईंचं दुकान तसंच होतं. एक मशीन, एक आरसा, भिंतीला टांगलेले अर्धवट कपडे. बाई जमिनीवर गुडघे टेकून एका लाकडी पुतळ्याच्या झग्याची किनार दुमडत होत्या. ओठांत चार-पाच टाचण्या धरलेल्या, मनगटाला टाचण्यांची उशी. आम्हाला बघून त्या उठल्या नाहीत. एकेक टाचणी ओठांतून काढून उशीत खोचली आणि मग म्हणाल्या, "या."

बाबांनी पुस्तक उघडून त्यांच्यापुढे धरलं. त्यांनी चिठ्ठी वाचली. परत वाचली. 'ती मागे राहिली' या शब्दांवर बोट ठेवून त्या म्हणाल्या, "कासवांतच होता म्हणजे. खरंच लिहीत होता तो." मग माझ्याकडे वळल्या. "हमालांची पण यादी असते तर."

मेल्याहून मेल्यासारखं झालं मला. "मी चुकले," म्हणाले, पण ते इतकं हळू म्हणाले की माझं मलाच ऐकू आलं असेल.

"गळून पडली म्हणजे कशी हो?" त्यांनी बाबांना विचारलं. आवाजात राग नव्हता. रोज कापड टाचणाऱ्या बाईला जे विचारावंसं वाटेल तेच त्यांनी विचारलं होतं. "मी अख्खा झगा टाचून उलटा टांगते. टाचलेलं कधी गळत नाही."

बाबांचा हात कॉलरकडे गेला. तिथेच राहिला.

"गळली नाही," ते म्हणाले. "मी काढली."

मी त्यांच्याकडे बघतच राहिले. ते मला नव्हे, बाईंना सांगत होते. "हुकुमाचा मसुदा जनरलच्या सहीला न्यायचा होता. अकरा पानं, सोबत नकाशा. डबीतल्या टाचण्या संपल्या होत्या. कॉलरला तेव्हा नसायच्या. शोधायला वेळ नव्हता. मी यादीवरची चिठ्ठी सोडवली, ती टाचणी मसुद्याला लावली. चिठ्ठी चहाच्या मगाखाली ठेवली. म्हटलं, आलो की लावू. सही घेऊन आलो आणि सरळ टाइप करायला बसलो. चहाचा मग शेजारीच होता. मी त्यातला चहा प्यायलो."



"एका टाचणीसाठी?" बाई म्हणाल्या.

"हो. एका टाचणीसाठी."

त्या आपल्या मनगटावरच्या उशीकडे बघत राहिल्या. साठ-सत्तर तरी असतील तिच्यात. मला वाटलं, त्या आता ओरडतील, पुस्तक फेकतील. मनातून मला तेच हवं होतं. त्यांनी खडू ठेवायच्या डबीतून पेन्सिल काढली आणि बाबांपुढे धरली.

"मग हे खोटं आहे. खोडा हे."

बाबांनी पुस्तक शिवणयंत्राच्या फळीवर ठेवलं, 'गळून पडल्याने' यावर रेघ मारली आणि वर लिहिलं, 'मी काढल्याने'. खाली आपला हुद्दा आणि सही. बाईंनी ते वाचलं, पुस्तक भावाच्या पत्राच्या पिशवीत ठेवलं आणि पुन्हा गुडघ्यांवर बसून टाचण्या ओठांत धरल्या. आता त्यांना बोलता येणार नव्हतं. आम्ही निघालो तेव्हा त्यांनी फक्त हाताने पुस्तकाकडे, मग बाहेर रस्त्याकडे बोट केलं. बाबांना ते समजलं. ते म्हणाले, "सगळ्या प्रतींत करतो."

दुपारी कर्नलसाहेबांचा फोन आला. मी सांगितलं तसे ते म्हणाले, बाईंच्या प्रतीत केलंत ते ठीक, बाकीच्या राहू द्या, टाचणीला या वयात कशाला लाज आणायची. बाबांनी माझ्या हातून फोन घेतला. "नाही, साहेब," ते म्हणाले. एखाद्या साहेबाला त्यांनी 'नाही' म्हटलेलं मी पहिल्यांदाच ऐकलं.

मग त्यांनी कॉलरमधल्या तिन्ही टाचण्या काढून आईच्या हातात दिल्या आणि टेबलापाशी बसून दुसरी प्रत उघडली. पाचशे नव्व्याण्णव राहिल्या होत्या. सही त्यांनाच करायची होती, पण खोडायचं ते वाक्य सुटसुटीत मी केलं होतं. मी शेजारची खुर्ची ओढली आणि रेघा मारायला लागले.